सभागृहात बसायची लायकी कोण ठरवतं?

(झाशीच्या रेल्वे वसाहतीतल्या मराठी भाषक विद्यार्थ्यांपुढे आणि तरुण पदवीधरांपुढे केलेल्या भाषणाचा मजकूर.)



आयोजकांनी मला विषय दिला तो असा: 'पत्रकारितेतून राजकारणात गेलेली माणसं'. या विषयावर बोलायचं तर बाबासाहेबांचं नाव आधी येतं आणि ते मी घेणारच आहे. पण आपण बसलोय झाशीत, म्हणून सुरुवात याच गावच्या एका माणसापासून करते. झाशी म्हटलं की महाराष्ट्रात राणी लक्ष्मीबाई आठवते. इथल्या कोरी वस्तीत गेलात तर झलकारीबाईचं नाव आधी निघतं. मी जे नाव घेणार आहे ते तुमच्यापैकी बहुतेकांनी ऐकलं नसेल. रघुनाथ विनायक धुळेकर.

नाव सरळ मराठी आहे. आडनावात धुळे आहे, म्हणजे आमचा खानदेश आहे. हिंदी कागदपत्रांत मात्र ते 'धुलेकर' असं सापडतं, कारण हिंदीत 'ळ' नाही. हा तपशील लक्षात ठेवा. ज्या माणसाबद्दल मी बोलणार आहे त्यानं आयुष्यभर हिंदीचा आग्रह धरला, आणि त्या हिंदीनं त्याच्या आडनावातलं एक अक्षर बदलून टाकलं. त्यांना त्याचं काही वाटलं नसावं. ज्याच्याकडे भाषा भरपूर असतात त्याला एका अक्षराचं दुःख नसतं.

धुळेकरांचा जन्म १८९१ चा, झाशीतला. बाबासाहेबांचाही १८९१ चाच, महूचा. दोन मराठी घरांतली मुलं, एकाच वर्षी, महाराष्ट्राबाहेर, मध्य हिंदुस्थानात जन्मलेली. दोघं पुढे वकील झाले. दोघांनी १९२० च्या दशकात वर्तमानपत्रं काढली. १९३७ च्या निवडणुकीनंतर दोघं आपापल्या प्रांताच्या विधानसभेत होते, एक मुंबई प्रांतात आणि एक संयुक्त प्रांतात, म्हणजे आजच्या उत्तर प्रदेशात. १९४६ मध्ये दोघं संविधान सभेत होते. कागदावर पाहिलं तर वाट एकच दिसते: वकिली, वर्तमानपत्र, प्रांताचं राजकारण, मग देशाचं सभागृह. मी समाजशास्त्राची विद्यार्थिनी आहे आणि आमच्या शास्त्रात एक सवय लावतात. दोन माणसं एकाच वाटेनं चाललेली दिसली की वाटेवर कोणाला काय काय अडलं ते मोजायचं. आज तेवढंच करायचं आहे.

आधी १० डिसेंबर १९४६ या दिवसाकडे जाऊ. संविधान सभेचं कामकाज आदल्या दिवशी सुरू झालं होतं. हंगामी अध्यक्षपदी डॉ. सच्चिदानंद सिन्हा होते. कामकाजाचे नियम तयार करण्यासाठी समिती नेमायची, असा साधा ठराव पुढे होता. धुळेकर दुरुस्ती सुचवायला उभे राहिले आणि हिंदुस्थानीत बोलू लागले. अध्यक्षांनी विचारलं, माननीय सदस्यांना इंग्रजी येत नाही का? धुळेकर म्हणाले, येतं, पण मला हिंदुस्थानीत बोलायचं आहे. अध्यक्ष म्हणाले, इथल्या बऱ्याच सदस्यांना हिंदुस्थानी कळत नाही, आणि उदाहरण म्हणून राजगोपालाचारींचं नाव घेतलं. त्यावर धुळेकरांचं उत्तर असं होतं की ज्यांना हिंदुस्थानी येत नाही त्यांना हिंदुस्थानात राहण्याचा अधिकार नाही. देशाचं संविधान घडवायला जे इथे आले आहेत आणि ज्यांना हिंदुस्थानी येत नाही, ते या सभेचे सदस्य व्हायच्या लायकीचे नाहीत. त्यांनी निघून जावं. त्यांची मूळ मागणी अशी होती की नियम हिंदुस्थानीत तयार करावेत, हवा तर त्यांचा इंग्रजी अनुवाद करावा आणि वाद झाला तर निर्णय हिंदुस्थानी मजकुरावरून व्हावा. गोंधळ झाला आणि शेवटी त्यांना थांबवण्यात आलं.

हा प्रसंग आजकाल हिंदी लादण्याचं उदाहरण म्हणून सांगितला जातो, आणि ते बरोबरच आहे. पण त्याचे दोन तुकडे वेगळे करून पाहिले पाहिजेत. नाहीतर धुळेकर हा फक्त एक हेकट माणूस ठरतो आणि आपल्या हाती काही लागत नाही.

पहिला तुकडा: 'इंग्रजी येतं, पण मला हिंदुस्थानीत बोलायचं आहे.' हे वाक्य साधं नाही. अध्यक्षांनी 'इंग्रजी येत नाही का' असंच का विचारलं? कारण १९३५ च्या कायद्यातला नियम तसाच होता. त्या कायद्याच्या कलम ८५ नुसार प्रांतांच्या विधिमंडळांचं कामकाज इंग्रजीतच चालायचं. ज्यांना इंग्रजी येत नाही किंवा पुरेसं येत नाही, त्यांना दुसऱ्या भाषेत बोलता यावं यासाठी नियमांत सोय करायची होती. म्हणजे आपली भाषा ही सवलत होती. न येणाऱ्याला दिलेली सूट. तुम्ही आधी कबूल करायचं की मला कमी येतं, मग तुमच्या भाषेला दार उघडायचं. हा कायदा ज्या विधानसभेला लागू होता तिथे धुळेकर बसले होते. त्यांना तो पाठ असणार. म्हणून त्यांनी सवलत नाकारली. मला कमी येतं म्हणून नाही, माझा हक्क आहे म्हणून मी माझ्या भाषेत बोलेन, हा त्यांच्या म्हणण्याचा अर्थ. इथपर्यंत मी त्यांच्या बाजूची आहे. तुम्हीही असाल. शिपायाला, शेतमजुराला, त्याच्या बायकोला जी भाषा कळत नाही त्या भाषेत त्यांचे कायदे व्हायचे, हा अपमानच होता.

दुसरा तुकडा पुढच्याच वाक्यात येतो: 'ज्याला ही भाषा येत नाही तो सभागृहात बसायच्या लायकीचा नाही.' पहिल्या वाक्यात माणूस स्वतःसाठी दार उघडतोय. दुसऱ्या वाक्यात तोच माणूस ते दार आतून लावून घेतोय. मधे एक श्वासही नाही. माझं आजचं सगळं बोलणं या दोन वाक्यांमधल्या जागेबद्दल आहे.

त्या सभेत कोण कोण होतं ते आठवा. मद्रासमधून निवडून आलेल्या दाक्षायणी वेलायुधन होत्या. पुलया समाजातल्या, वय ३४. संविधान सभेतल्या एकमेव दलित महिला. १९३५ मध्ये त्या बी.ए. झाल्या, आणि भारतातली पहिली दलित महिला पदवीधर म्हणून त्यांची नोंद आहे. एर्नाकुलमच्या कॉलेजात रसायनशास्त्र शिकताना सवर्ण शिक्षक त्यांना प्रयोग जवळून दाखवत नसत. लांबून बघून त्यांनी ते शिकून घेतले. घरची भाषा मल्याळम. ही बाई लायक नाही? बिहारमधून आलेले जयपालसिंह मुंडा होते. घरची भाषा मुंडारी, शिक्षण ऑक्सफर्डचं. धुळेकरांच्या कसोटीला राजगोपालाचारी लागत नव्हते हे आपल्याला सांगितलं जातं, कारण ते मोठं नाव. पण राजगोपालाचारींना सभागृहाबाहेर काढायची कोणाची छाती नव्हती. अशी कसोटी खरी लागते ती दाक्षायणी वेलायुधनना. ज्यांच्यासाठी ते दार पिढ्यान्‌पिढ्यांत पहिल्यांदा उघडलंय, त्यांना. 'लायकी' हा शब्द आपल्या घरांत कोणाला नवीन नाही. विहिरीपाशी, देवळापाशी, वर्गात तो आपण ऐकलेला आहे. भाषेचा अंगरखा घालून आला म्हणून तो वेगळा होत नाही.

आता प्रश्न असा की मराठी घरात जन्मलेल्या माणसाला हिंदुस्थानीची मालकी मिळाली कुठून? इतक्या खात्रीनं 'निघून जा' म्हणायचं बळ कुठून आलं?

याचं उत्तर या शहराच्या दगडांत आहे. छत्रसालांनी बुंदेलखंडाचा वाटा बाजीराव पेशव्यांना दिला. १७४२ नंतर नारो शंकरांनी झाशीचा किल्ला वाढवला, शहर वसवलं. पुढे सुभेदारी नेवाळकरांकडे आली. त्यांच्या मागे कारभारी आले, भिक्षुक आले, वैद्य आले, कारकून आले. १८५४ मध्ये इंग्रजांनी संस्थान खालसा केलं आणि राज्य गेलं, पण अक्षरं गेली नाहीत. वरसईचे विष्णुभट गोडसे दक्षिणा मिळवायला निघाले आणि १८५७ च्या धामधुमीत झाशीत येऊन पोचले, तर त्यांना इथे ओळखीचं मराठी ब्राह्मणी जग सापडलं. त्या जगात मुलगा चार भाषा घेऊन मोठा व्हायचा. घरात मराठी, पूजेला संस्कृत, कचेरीत उर्दू आणि इंग्रजी, बाजारात हिंदी. धुळेकरांच्या नावामागे 'पंडित' लागायचं. ते एम.ए., एलएल.बी. झाले. उतारवयात त्यांनी उपनिषदांवर आणि वेदान्तावर ग्रंथ लिहिले. एवढ्या भाषा हाताशी असलेला माणूस त्यांतली एक उचलून 'ही देशाची' असं म्हणू शकतो, कारण त्याचं कशातच काही कमी होत नाही.

तोच माणूस वर्तमानपत्रं काढतो. 'स्वराज्य प्राप्ति', 'फ्री इंडिया', 'मातृभूमि' ही त्यांनी काढलेली पत्रं. झाशीसारख्या गावात राष्ट्रीय चळवळीचं पत्र चालवणं सोपं नव्हतं. सरकारची नजर असायची, जामीन मागितला जायचा, तुरुंग होता. धुळेकर तुरुंगातही गेले. हे त्यांच्या नावावर जमा आहे आणि ते मी वजा करणार नाही. पण पत्र काढायला काय लागतं ते बघा. छापखाना लागतो. कागदाला पैसे लागतात. चार दिवस तुरुंगात गेलात तर घर चालवणारं कोणी लागतं. वर्गणीदार लागतात, म्हणजे वाचता येणारे आणि पैसे देऊ शकणारे शेजारी लागतात. वकिली करणाऱ्या माणसाच्या बैठकीत हे सगळं आधीपासून बसलेलं असतं. पत्र चाललं की नाव गावोगावी जातं. त्या काळी मत सगळ्यांना नव्हतं, मालमत्ता आणि शिक्षण बघून होतं. म्हणजे पत्राचा वाचक आणि मतदार बऱ्याच अंशी एकच माणूस. पत्रकाराचा आमदार असा होत होता.

त्याच दशकात, ३१ जानेवारी १९२० ला, मुंबईत 'मूकनायक'चा पहिला अंक निघाला. बाबासाहेब तेव्हा सिडनहॅम कॉलेजात प्राध्यापक होते, म्हणून संपादक म्हणून नाव पांडुरंग नंदराम भटकरांचं होतं. पैसा शाहू महाराजांनी दिला, अडीच हजार रुपये. जाहिरात छापा, पैसे देतो, असं 'केसरी'ला कळवलं तर त्यांनी नकार दिला, हे बाबासाहेबांनीच पुढे 'बहिष्कृत भारत'मध्ये लिहून ठेवलंय. बाबासाहेब पुढच्या शिक्षणासाठी लंडनला गेले आणि तीन-चार वर्षांत 'मूकनायक' बंद पडला. का पडला? ज्यांच्यासाठी तो होता त्यांच्यातल्या बहुतेकांना वाचता येत नव्हतं. एकानं वाचायचा आणि वीस जणांनी ऐकायचा. वाचक वीस, वर्गणी एक. या हिशोबावर कुठला छापखाना चालणार?

मग १९२७. वर्षाच्या सुरुवातीला बाबासाहेब मुंबईच्या विधिमंडळात नेमणुकीनं आले. मार्चमध्ये महाडचं चवदार तळं. ३ एप्रिलला 'बहिष्कृत भारत'. क्रम नीट बघा. धुळेकरांच्या बाबतीत पत्रानं माणसाला सभागृहात नेलं. बाबासाहेबांच्या बाबतीत सभागृह, तळं आणि पत्र एकाच वेळी चाललं, कारण सभागृहात जे बोललं जाईल ते वस्तीपर्यंत नेणारं दुसरं कोणी नव्हतं. इतरांची भाषणं छापायला इतरांची पत्रं होती. यांना आपलं भाषण आपणच छापावं लागलं.

इकडे उत्तरेत हेच काम स्वामी अछूतानंद करत होते. चांभार समाजातला हा माणूस कानपूरहून 'आदि हिंदू' काढायचा. कानपूर इथून रेल्वेनं काही तासांवर. संयुक्त प्रांतात हिंदीचा कैवार घेणारे थोर लोक खूप सांगितले जातात. अछूतानंदांनीही हिंदीतच लिहिलं, हिंदीतच गाणी रचली, गावोगाव सभा घेतल्या. तरी हिंदीच्या कैवाऱ्यांच्या यादीत त्यांचं नाव तुम्हाला सहसा सापडणार नाही. म्हणजे भाषा येऊन भागत नाही. ती कोणाच्या तोंडून येते हे बघितलं जातं.

आणि बाबासाहेबांचा भाषेचा व्यवहार बघा. कोलंबिया आणि लंडनच्या पदव्या घेतलेला माणूस. विधिमंडळात, गोलमेज परिषदेत इंग्रजी. पण पत्र काढलं ते मराठीत. कोणाशी बोलायचं आहे यावरून त्यांनी भाषा ठरवली. ज्याला ती येत नाही त्याला त्यांनी लायकी विचारली नाही. मराठी शुद्ध लिहा आणि मग माझ्याकडे या, असं त्यांनी कोणा पाटलाच्या गड्याला म्हटलं असतं तर महाडला कोण आलं असतं?

पुन्हा संविधान सभेकडे. १९४६ मध्ये धुळेकर 'हिंदुस्थानी' म्हणत होते. हा शब्द तेव्हा हिंदी आणि उर्दू दोघींना पोटात घेणारा होता. मधे फाळणी झाली. १३ सप्टेंबर १९४९ ला भाषेवर चर्चा चालली तेव्हा धुळेकर 'हिंदी' म्हणत होते. ती राजभाषा आहे आणि राष्ट्रभाषाही आहे, असं त्यांनी ठासून सांगितलं. कोणाला पटत नसेल तर तुम्ही दुसऱ्या राष्ट्राचे असाल, मी भारतीय राष्ट्राचा, हिंदी राष्ट्राचा, हिंदू राष्ट्राचा, हिंदुस्थानी राष्ट्राचा आहे, अशा अर्थाचं ते बोलले. तीन वर्षांत दार किती अरुंद झालं बघा. आधी भाषा येत नसेल तर निघून जा. मग राष्ट्रच वेगळं. आणि राष्ट्राच्या नावांत हळूच धर्माचं नाव येऊन बसलं. लायकीची कसोटी एकदा लावली की ती एकाच ठिकाणी थांबत नाही. ती पुढच्या माणसाकडे सरकते.

दुसऱ्या दिवशी, १४ सप्टेंबरला, तडजोड झाली. देवनागरीतली हिंदी ही संघाची राजभाषा, आणि पंधरा वर्षं इंग्रजी चालू. 'राष्ट्रभाषा' हा शब्द संविधानात कुठेच आला नाही. जयपालसिंह मुंडांनी मुंडारी, गोंडी आणि उरांव या भाषा आठव्या अनुसूचीत घाला असं मांडलं. त्या घेतल्या नाहीत. आजही त्या तिथे नाहीत. आदिवासी भाषांना त्या यादीत जागा मिळायला २००३ ची घटनादुरुस्ती यावी लागली, तेव्हा संथाली आणि बोडो आल्या.

आता एक कलम सांगते, जे फारसं कोणी वाचत नाही. कलम २१०. राज्याच्या विधिमंडळाचं कामकाज राज्याच्या राजभाषेत, हिंदीत किंवा इंग्रजीत चालेल. पण ज्या सदस्याला यांपैकी कुठल्याही भाषेत पुरेसं व्यक्त होता येत नाही, त्याला विधानसभेचे अध्यक्ष किंवा विधान परिषदेचे सभापती मातृभाषेत बोलायची परवानगी देऊ शकतात. संसदेसाठी असंच कलम १२० आहे. ऐकायला चांगलं वाटतं, आणि आहेही. धुळेकरांच्या 'निघून जा'ला संविधानानं दिलेलं हे उत्तर आहे: कोणीही जाणार नाही, बसा आणि तुमच्या भाषेत बोला. पण नीट वाचा. 'पुरेसं व्यक्त होता येत नाही' आणि 'परवानगी'. १९३५ च्या कायद्यातली ती सवलत इथे पुन्हा आली आहे. ज्या सवलतीविरुद्ध धुळेकर १० डिसेंबरला उभे राहिले होते, तिचाच साचा. फरक एवढाच की इंग्रजीच्या शेजारी आता हिंदी आणि राज्याची भाषा येऊन बसल्या.

आणि पुढचा भाग तर कोणी रचून सांगितला असता तर मी विश्वास ठेवला नसता. धुळेकर १९५२ मध्ये झाशीतून पहिल्या लोकसभेवर निवडून गेले. नंतर ते प्रांतात परतले, आणि १९५८ ते १९६४ या काळात उत्तर प्रदेश विधान परिषदेचे सभापती होते. म्हणजे कलम २१० नं परवानगी देण्याचा अधिकार ज्या खुर्चीला दिला, नेमक्या त्या खुर्चीत. ज्यानं एकेकाळी सभागृहात परवानगी मागायला नकार दिला, तो परवानगी देणारा झाला.

ही गोष्ट एका माणसाच्या स्वभावाची नाही. खाली असताना हक्क म्हणायचं आणि वर गेल्यावर लायकी म्हणायचं, ही जिन्याची चाल आहे. जिना चढणाऱ्या प्रत्येकाला ती शिकवली जाते. आणि आज जिना चढणारे आपण आहोत, म्हणून हे सगळं सांगितलं.

आपल्यातले बरेच जण घरातले पहिले पदवीधर आहेत. माझे वडील रेल्वेत खलाशी होते. आई घरी 'पानी' म्हणते, 'व्हतं' म्हणते. एका विद्यापीठात पीएच.डी.च्या मुलाखतीत माझ्या तोंडून 'न'च्या जागी 'ण' नीट आला नाही, तर समोरच्या तिघांपैकी एकानं संशोधनाचा विषय बाजूला ठेवला आणि आधी उच्चार सुधारा म्हणून सांगितलं. विषय होता रेल्वेतल्या सफाई कामगारांच्या बदल्यांचा. त्याबद्दल एकही प्रश्न आला नाही. इथे असे अनुभव प्रत्येकाकडे असतील, मी ते मोजत बसणार नाही. मला एवढंच सांगायचंय की 'न' आणि 'ण' मधला फरक हा व्याकरणाचा प्रश्न म्हणून पुढे येतो आणि आडनाव विचारल्यासारखा वापरला जातो.

तुमच्यापैकी जे झाशीतच वाढले त्यांची अडचण दुहेरी आहे. घरी मराठी, तीही शहरी पुस्तकातली नाही. गल्लीत बुंदेली, 'हमाओ', 'तुमाओ'. शाळेत खडी हिंदी. स्पर्धा परीक्षेला इंग्रजी. धुळेकरांनाही चार भाषा होत्या आणि तुम्हालाही चार आहेत. त्यांच्या चार भाषांना विद्वत्ता म्हटलं गेलं, तुमच्या चार भाषांना गावंढळपणा म्हटलं जातं. बुंदेली बोलणारे जनगणनेत पन्नास लाखांहून जास्त आहेत, पण ते हिंदीच्या खात्यात मोजले जातात. मोजताना आपले आणि बोलताना अशुद्ध, असा तो हिशोब.

आता वर्तमानपत्रांकडे येते, कारण विषय तोच होता. शंभर वर्षांत छापखाना कोणाच्या हाती राहिला? २००६ मध्ये अनिल चमडिया, जितेंद्र कुमार आणि योगेंद्र यादव यांनी दिल्लीतल्या ३७ हिंदी-इंग्रजी माध्यमसंस्थांमधल्या निर्णय घेणाऱ्या ३१५ जणांची पाहणी केली. त्यांत अनुसूचित जातीचा किंवा जमातीचा एकही माणूस नव्हता. २०१९ मध्ये ऑक्सफॅम इंडिया आणि न्यूजलाँड्रीनं पुन्हा मोजलं. वरच्या १२१ जागांपैकी १०६ सवर्णांकडे, आणि दलित-आदिवासी पुन्हा शून्य. म्हणजे पत्रकारितेतून राजकारणात जायची वाट आजही आहे, पण तिच्या तोंडाशी आपल्यासाठी नाका आहे. बाहेर पडताना पत्रकार 'जनतेचा आवाज' म्हणून उमेदवारी मागतो. तो कोणत्या जनतेत वावरला हे आपण विचारलं पाहिजे.

पण याच बुंदेलखंडात दुसरी गोष्टही घडली. २००२ मध्ये चित्रकूटमध्ये 'खबर लहरिया' नावाचं पत्र सुरू झालं. चालवणाऱ्या बायका खेड्यातल्या, बऱ्याच दलित, काही नवसाक्षर. पत्राची भाषा बुंदेली. ठाणेदाराला प्रश्न बुंदेलीत, हातपंपाची बातमी बुंदेलीत. पुढे त्यांनी हातात मोबाइल घेतले आणि त्यांच्यावरचा माहितीपट ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचला. पण ऑस्करपेक्षा मला त्यांच्या सुरुवातीचं अप्रूप जास्त आहे. ज्या भाषेला देशाच्या सभागृहात कोणी विचारलं नाही त्या भाषेत त्यांनी छापलं. कोणाला लायकी विचारली नाही आणि स्वतःची सिद्धही केली नाही. धुळेकरांच्या पहिल्या वाक्याचा वारसा चालवायचा असेल तर तो असा.

मग आपण काय करायचं? मोठं काही सांगत नाही. तीन साध्या गोष्टी सांगते.

एक. आपल्या मंडळांच्या, वसतिगृहांच्या, कर्मचारी संघटनांच्या बैठकांत भाषेची अट बंद करा. नवीन आलेली मुलगी 'मला निट बोलता येत न्हाई' असं म्हणून सुरुवात करते, तेव्हा ती १९३५ च्या कायद्याची सवलत मागत असते. तिला म्हणा, सवलत नको मागूस, तुझ्या भाषेत बोल. आणि कोणी हसलं तर त्याला तिथल्या तिथे थांबवा.

दोन. लिहा. प्रत्येक बैठकीचा वृत्तांत लिहा, वसाहतीच्या भिंतीवर भित्तिपत्रक लावा, पाण्याच्या टाकीची, बढतीच्या यादीची बातमी लिहा. 'बहिष्कृत भारत'नं शिकवलेला धडा असा की सभागृहात आपला माणूस असून भागत नाही, तो काय बोलला आणि काय बोलला नाही याची नोंद ठेवणारा कागद आपल्या हाती लागतो.

तीन. संविधान सभेतल्या चर्चा वाचा. त्या इंटरनेटवर फुकट आहेत. १० डिसेंबर १९४६ ची पानं वाचा, आणि लगेच १९ डिसेंबरचीही वाचा. त्या दिवशी जयपालसिंह मुंडा बोलले आणि दाक्षायणी वेलायुधनही बोलल्या. नऊ दिवसांपूर्वी ज्या कसोटीवर त्यांना निघून जायला सांगितलं गेलं होतं, त्या कसोटीकडे त्यांनी ढुंकूनही पाहिलं नाही. उद्ध्येशांच्या ठरावावर, आपल्या माणसांच्या स्वातंत्र्यावर त्या बोलल्या. त्यासाठी त्यांनी कोणाकडून लायकीचा दाखला घेतला नव्हता.

तुमच्यातला कोणी उद्या नगरसेवक होईल, कोणी आमदार होईल, कोणी संपादक. व्हाच. आणि त्या खुर्चीत बसलात की समोर कोणीतरी उभं राहील, ज्याची भाषा तुमच्यापेक्षा ओबडधोबड असेल, ज्याचं 'पानी' पाणी होणार नाही. तेव्हा त्याला बोलू द्यायचं की लायकी विचारायची, एवढंच ठरवायचं असतं. बाकी सगळं राजकारण त्यानंतर सुरू होतं.

जय भीम.